नदीची ओटी

नातवंडांनो, पुढच्या महिन्यात आम्ही ब्रॅम्पटनचं हे घर सोडून कॉंडोत, म्हणजे उंच इमारतीतल्या फ्लॅटमध्ये, राहायला जातो आहोत. सिडनीहून तुमचं इथे येणं कधी झालं नाही, म्हणून इथली एक गोष्ट आत्ताच लिहून ठेवते.

घरामागे छोटी नदी आहे. या वसंतात बर्फ वितळलं आणि तिचं पाणी कुंपण ओलांडून आत आलं. बेसमेंटमध्ये शिरलं तर घर विकायचं, असं आजोबांनी आधीच ठरवलं होतं. मला हे घर सोडायचं नव्हतं. एका जागी बसवेना. सारखी मागच्या दारातून पाणी कुठवर आलं ते पाहत होते.

शाळेत मी इतिहास शिकवायचे, त्यातलं तेव्हा आठवलं. प्राचीन इजिप्तचे लोक नाईलकाठच्या दगडी पायऱ्यांवर खुणा करून पूर मोजत. जास्त आला तर घरं जात, कमी आला तर गाळ नाही आणि धान्यही नाही. म्हणून ते पुरालाच देव मानून नैवेद्य देत.

शेवटी मीही खण-नारळ आणि तांदूळ घेऊन अंगणात उतरले.

“अगं, ओटी भरतात ती पुन्हा ये म्हणून,” आजोबा दारातून म्हणाले. “हिला तर जा म्हणायचंय ना?”

“येऊ दे की. बेताने ये, एवढंच सांगते.”

पाणी बेसमेंटमध्ये शिरलंच. ओसरल्यावर अंगणातल्या माझ्या वाफ्यावर काळा गाळ राहिला. घर विकलं गेलं. थंडीआधी लावलेला लसूण त्या गाळातून वर आला आहे आणि अजून वाफ्यात उभा आहे.