पडदा पडेपर्यंत बसा हो!

आमच्या नाट्यमंडळाचे किस्से मी कधी लिहून ठेवले नाहीत. वेळ कुठे मिळतो? एक सांगायला घ्यावा, तोवर तालमीत दुसरा घडलेला असतो! मी मंडळाचा प्रॉम्प्टर. तीस वर्षं विंगेत स्टुलावर बसून दुसऱ्यांची वाक्यं कुजबुजतोय. दिवसा श्रीवर्धनात माझं झेरॉक्सचं दुकान, म्हणजे तिथंही दुसऱ्यांचंच!

गेल्या वर्षी जत्रेच्या नाटकात दुसऱ्या अंकानंतर निम्मं गाव उठून गेलं. उरलेलं निम्मं मोबाइलमध्ये. गावकमिटीचे अध्यक्ष शांतारामभाऊ मीटिंगमध्ये सरळ म्हणाले, "यंदा शेवटचा चान्स. पडदा पडेपर्यंत खुर्च्या भरलेल्या दिसल्या पायजेत. न्हायतर पुढल्या वर्षापासून ऑर्केस्ट्रा!"

आमचे नाना, रिटायर्ड प्राथमिक शिक्षक, नाटक लिहितात, बसवतात आणि म्हाताऱ्या राजाचं कामही करतात. त्या दिवशी ते घरी जाऊन जेवलेच नाहीत. मला फार वाईट वाटलं हो. या नाटकापायी त्यांनी मुलीकडे पुण्याला राहायला जाणंसुद्धा टाळलंय.

*

"लोकांना काय पायजे ते विचारा," भाऊ म्हणाले. नानांनी विचारलं. इथंच चुकलं!

बचत गटाच्या बायका म्हणाल्या, कुणी धक्कादायक बोललं की सगळ्यांचे चेहरे तीन-तीनदा दिसले पाहिजेत, सिरियलसारखे. स्टेजवर कॅमेरा कुठून आणणार? मग ठरलं, तबल्यावर थाप पडली की प्रत्येकानं तीनदा मान झटकायची. सात जण, एकवीस झटके! चौथ्या तालमीला हिरोची मान धरली. डॉक्टरांनी गळ्यात पट्टा घातला.

बायकांनी पाहिलं आणि खूश! "आता कसा खानदानी दिसतोय!"

*

तरण्या मंडळींचं म्हणणं वेगळंच. रील काढताना मोबाइल उभा धरतात, त्यात लांब उभी दोन माणसं मावत नाहीत. म्हणून नानांनी तालमीच्या खळ्यात, वाळत घातलेली सुपारी बाजूला सारून, खडूनं अरुंद चौकट आखली. पाय बाहेर गेला की आउट!

त्या चौकटीत हिरो आणि व्हिलनची तलवारबाजी. व्हिलन आमचा रमेश, दिघीच्या जेट्टीवर तिकिटं फाडतो. शंभर किलोचा गडी. तलवार उपसायला जागाच नाही! शेवटी दोघं एकमेकांच्या गळ्यात पडून एकमेकांच्या पाठीमागे तलवारी आपटायला लागले.

रस्त्यानं जाणारे एक काका थांबून म्हणाले, "बरं झालं बाबा, मिटलं एकदाचं!"

*

हल्ली व्हिलनलाही दुःख लागतं म्हणे! नानांनी एका बैठकीत रमेशला पोरका केला, सावत्र आईकडून उपाशी ठेवला, वर गुरांच्या गोठ्यात झोपवला.

सुजाता, म्हणजे आमची अंगणवाडीताई, राजकन्या झाली होती. तिनं त्याला शाप द्यायचा. रंगीत तालमीला ती नुसती हुंदके देत उभी. मी विंगेतून ओरडतोय, "नीचा! नीचा!"

ती रमेशला म्हणते, "जेवलास का रे?"

नाना भडकले. "अगं, हे तुझं वाक्य न्हाय!"

"माहीत हाय सर. पण मला न्हाय बोलवत!"

*

प्रयोग संध्याकाळी सहाला सुरू झाला. मुंबईकरांसाठी लाइव्ह ठेवलेलं. त्यांच्या कॉमेंट भाऊ माइकवर वाचायचे. राजकन्या ओक्साबोक्शी रडतेय आणि भाऊ म्हणतात, "परळहून विचारतायत, साडी कुठली?"

सुजातानं डोळे पुसले, "श्रीवर्धन, बाजारपेठ!" म्हणाली आणि पुन्हा रडायला लागली.

*

मग आला शेवटचा प्रवेश. व्हिलनचा वार लागून राजा मरतो, पडदा पडतो, संपलं. नाना आडवे झाले. मी त्यांच्या मरणाच्या भाषणाचा पहिला शब्द दिला. तेवढ्यात पुढच्या रांगेतली एक आजी ताडकन उभी राहिली. "राजाला मारू नका!"

अख्खा मांडव ओरडला, "मारू नका!"

भाऊ माइकवर, "राजा जगावा असं कुणाकुणाला वाटतं? हात वर करा!" सगळे हात वर. मुंबईहून अंगठे आले ते वेगळेच.

नाना पडल्या-पडल्या तडकले. "अरे, मरण लिहिलंय माझं! विचारा त्याला!"

मी विंगेतून वही दाखवली. "लिहिलंय हो!"

"खोडा!" मांडव गरजला.

रमेश तलवार घेऊन ताटकळला होता. "नाना, मी जाऊ का थांबू?"

एक माणूस उठून जायला तयार नाही! मागचे तर खुर्च्यांवर चढलेले. शेवटी भाऊ स्टेजवर आले, नानांपाशी उकिडवे बसले. "नाना, जरा समजून घ्या. तुम्ही मेलात तर पुढच्या वर्षी दुसरा भाग कसा करायचा?"

नाना कोपरावर उठले. 

"म्हणजे... पुढच्या वर्षी नाटक हाय?"

"हाय म्हणजे? हायच!"

"मग भाऊ, आता मला सुखानं मरू द्या," म्हणत नाना पुन्हा आडवे झाले आणि चांगली बावीस मिनिटं मरत राहिले.