‘अनफिट’ मंडळींचे वकीलसाहेब

ॲड. मधुकरराव कोळंबे यांच्या बुऱ्हाणपुरातल्या कचेरीत मी पहिल्यांदा गेले, ती ‘ज्युनिअर म्हणून ठेवून घ्या’ अशी विनंती करायला. मी तोंड उघडायच्या आतच सरांनी मला टाचा जुळवून उभं केलं, समोरच्या दुकानाची पाटी वाचायला लावली आणि संतापून विचारलं, “एवढी धडधाकट पोरगी! कुठल्या डॉक्टरनं काढलं तुला?” पोलीस भरतीच्या वैद्यकीय तपासणीत बाद झालेल्यांखेरीज त्यांच्याकडे सहसा कोणी तरुण माणूस येतच नसे. खुलासा झाल्यावर सर अजिबात ओशाळले नाहीत. तपासणी झालीच आहे, तर उद्यापासून ये, म्हणाले.

आज सरांची पंच्याहत्तरी साजरी होत असताना त्यांची ही पद्धत सांगायलाच हवी. कागद नंतर, आधी माणूस. कोणाचे गुडघे चिकटतात, कोणाचा तळवा सपाट, सर त्याला आधी व्हरांड्यात चालवून पाहतात. शेजारी त्या व्हरांड्याला आखाडा म्हणतात. दोष खराच असेल, तर सर पक्षकाराला स्पष्ट सांगून, चहा पाजून परत पाठवतात. कोर्टात मात्र डॉक्टरांविषयी वावगा शब्द नाही. “डॉक्टरसाहेब चुकले असं आमचं म्हणणं नाही, पुन्हा एकदा बघावं एवढंच,” हे वाक्य सर झोपेतही म्हणत असावेत.

फोपनार गावचा दिनेश वडिलांबरोबर केळीचे घड वाहायचा. वाहून वाहून त्याच्या खांद्यावर टणक गाठ आली होती आणि तेवढ्यावरून तो भरतीत अपात्र ठरला. वय संपत आलेलं, ही भरती हुकली की वर्दी कायमची हुकणार होती. सर जबलपूरला हायकोर्टात गेले, हा आजार नसून ओझ्याची खूण आहे असं त्यांनी मांडलं आणि नव्या वैद्यकीय मंडळाकडून तपासणीचा आदेश मिळवला. तोवर एकही घड उचलायचा नाही, असा त्यांनी दिनेशला दम भरला. त्याचे वडील एकटे पडू नयेत म्हणून दर रविवारी आम्हा ज्युनिअरांची फोपनारला घड वाहायला रवानगी होऊ लागली. सरांनी स्वतःही एक घड उचलला. पुढे बरेच दिवस ते न्यायाधीशांसमोर नको इतके वाकून उभे राहत होते.

तपासणीच्या दिवशी दिनेश पांढराफटक पडून बाहेर आला. “सर, ते म्हणताय, गाठवाला लडका कहाँ है? दुसऱ्याले काहून पाठवलं? मी बोललो, मीच हाय, तर म्हणे पोलिसात देऊ!”

“मग देऊ दे की! त्यासाठीच तर आलोय,” सर म्हणाले, पण त्यांचाही चेहरा उतरला होता. विश्रांतीनं गाठ पार बसली होती, आणि ती बसल्यावर काय होईल, हे आमच्यापैकी एकाही वकिलाच्या डोक्यात आलं नव्हतं!

सर आत गेले आणि हात जोडून उभे राहिले. अंगठ्याचा ठसा जुळला, तोतया नाही हे ठरलं. तरी मोठे डॉक्टर म्हणाले, “आज गाठ नाही, पण ती आजाराची नव्हती, ओझ्यानंच आली होती, हे मानायचं कशावरून?”

सरांनी माझा सहकारी राजेश याला पुढे ओढलं आणि शर्टाची बटणं काढायला लावली. रविवारच्या हमालीनं त्याच्या खांद्यावर नवीकोरी गाठ उगवत होती. डॉक्टरांनी ती दाबून पाहिली, राजेश कळवळला आणि सगळं मंडळ हसलं. दिनेश फिट ठरला. बाहेर आल्यावर सर त्याच्या गळ्यात पडून रडले, आणि आम्हीही.

हल्लीच चौकात एका तरुण शिपायानं सरांची स्कूटर अडवली. तो दिनेश होता. त्यानं आधी कडक सॅल्यूट ठोकला, मग हेल्मेट नाही म्हणून चलान फाडलं. सर ते चलान कोर्टभर दाखवत फिरले. “बघा, माझ्या पोरानं मला सोडलं नाही!”

सर, आम्हाला तुम्ही अजून पुष्कळ वर्षं हवे आहात. तुमची तब्येत ठणठणीत राहो, आवाज असाच खणखणीत राहो. आणि कृपा करून हेल्मेट घाला. दिनेश पुढच्या वेळीही सोडणार नाही.