करंगळीचा पंचम

पेडगावचे निवृत्त शिक्षक दिगंबर गुरुजी यांचे गेल्या महिन्यात, नागपंचमीच्या सकाळी, राहत्या घरी निधन झाले. परभणीत मला ही बातमी दुपारच्या एसटीने आलेल्या त्यांच्या पुतण्याकडून कळली.

आमची ओळख पेडगावच्या भजनातली. गुरुजी आडवी बासरी वाजवत, लांब, खर्जाची. एका उन्हाळ्यात कडबा कापण्याच्या यंत्रात त्यांच्या उजव्या हाताची अनामिका गेली. बासरीचा सर्वात खालचा सूर, मंद्र पंचम, सहाही भोके मिटल्यावरच निघतो. सहावे भोक आता उघडेच राहू लागले... भजनाचे बुवा म्हणाले, "गुरुजी, गोकुळाष्टमीला औंदा पेटीवरच भागवू." गुरुजींच्या पत्नी, आमच्या वहिनी, म्हणाल्या, "खडू तरी धरता येतोय का बघा आधी."

"खडूला भोकं न्हाईत," गुरुजी म्हणाले.

नामांतराच्या आंदोलनामुळे एसटी बंद होती, म्हणून ते सायकलने परभणीला आले. मी त्यांना एका बँडमास्तरकडे नेले. त्याच्याकडे भोकांवर झाकणांच्या किल्ल्या बसवलेली धातूची विलायती फ्लूट होती. गुरुजींनी ती फुंकून पाहिली. सूर स्वच्छ निघाले, पण सुरावरून सुरावर घसरत जाणारी मींड निघेना. झाकणे एकदम उघडत, एकदम मिटत.

"ही लय सरळ बोलती, मास्तर."

"वरातीत मींड कोण ऐकायलंय, गुरुजी?"

मग बँडमास्तर वाजवत असताना गुरुजी बराच वेळ फक्त त्याची बोटे पाहत राहिले. त्या फ्लूटवर करंगळीलाही एक किल्ली होती. बांबूच्या बासरीवर करंगळी मोकळीच असते.

पुढचे दोन महिने त्यांनी तापल्या सळईने बांबूला भोके पाडण्यात घालवले. सहावे भोक रेषेतून बाजूला, करंगळीकडे घेतले. ते वर सरकले की त्यातून निघणारा धैवत चढे. लहान केले की उतरे, पण दबका निघे. बिघडलेले बांबू वहिनी चुलीत घालत. नव्या बांबूला गुरुजी पुन्हा पहिल्या भोकापासून सुरुवात करत.

गोकुळाष्टमीला मारुतीच्या देवळात पेटी थांबली आणि मागून मंद्र पंचम आला. भरलेला, स्थिर... बुवांच्या हातातले टाळ मांडीवर आले होते.

"बुवा, टाळ धरा," गुरुजी म्हणाले, "अभंग सरला न्हाई आजून."

गुरुजी गेल्यावर तेराव्या दिवशी त्यांच्या घरी भजन झाले. साथीला त्यांची मुलगी सुनंदा वडिलांची बासरी घेऊन बसली. तिला त्यांनीच शिकवले होते. तिची सगळी बोटे शाबूत आहेत. भजन संपेपर्यंत उजव्या हाताची अनामिका तिने दुमडून धरली होती.