कुत्र्यांच्या पावाचे गाव

शनिवार, ११ नोव्हेंबर १९७२, सकाळी सहा वाजून दहा मिनिटे. नागपूरच्या इतवारी स्थानकावरून नागभीडकडे जाणारी छोटी गाडी सुटली, तेव्हा माझ्या मांडीवर एक थर्मास होता. त्यात बर्फ, बर्फात लशीच्या पाच कुप्या आणि एक तापमापक. पारा चार अंशांवर होता.

पिसाळलेले कुत्रे चावलेल्यांना लस देणाऱ्या केंद्रात मी काम करते. माझे शिक्षण सूक्ष्मजीवशास्त्रातले. मी डॉक्टर नाही. ही लस पोटात टोचतात, रोज एक, लागोपाठ चौदा दिवस. चौदा हा आकडा ऐकला की माणसे चौथ्या-पाचव्या दिवशीच गावाकडे पळतात, असे माझ्या ध्यानात आले होते. म्हणून वर्षभरापूर्वी मी एक पद्धत सुरू केली. आकडा सांगायचाच नाही. ‘मी पुरे म्हणेपर्यंत रोज या,’ एवढेच बोलायचे. शेवटपर्यंत टिकणारे वाढले. साहेबांनी शाबासकी दिली आणि मी त्यावर शोधनिबंध लिहायला घेतला. त्या निबंधाच्या जोरावर मला परदेशी शिष्यवृत्ती मिळवायची होती.

निबंधाच्या तक्त्यात एक नाव खटकत होते. शेवंताबाई, वय तीस. बकरीच्या पिलाला सोडवताना डाव्या हाताची दोन बोटे कुत्र्याने फोडलेली. सप्टेंबरात शहरातल्या इंदोरा वस्तीत बहिणीकडे राहून तिने नऊ सुया घेतल्या आणि दहाव्या दिवशी ती आली नाही. सोडणारे आधीच सोडतात. नवव्यानंतर सहसा कोणी सोडत नाही. दोन पत्रे टाकली, उत्तर आले नाही. तेव्हा उरलेल्या पाच कुप्या आणि एक छापील प्रश्नावली घेऊन मी स्वतःच निघाले.

छोटी गाडी सायकलवालाही मागे टाकेल अशा बेताने चालते. उजवीकडे तुरीला पिवळा फुलोरा आला होता; उमरेडच्या पुढे धानाची बांधी (भातखाचरे) सुरू झाली आणि कापणीला वाकलेल्या बायकांच्या रांगा दिसू लागल्या. उमरेडला आलुबोंडे (बटाटेवडे) खाल्ले. त्यावर ओतलेल्या तर्रीने डोळ्यांत पाणी आले, आणि ते पुसताना थर्मास कलंडला. कुप्या शाबूत होत्या. पारा सहावर गेला होता.

पुढच्या एका थांब्यावर उतरून बंडी (बैलगाडी) केली. बंडीवाले म्हातारबा थर्मासकडे पाहत होते.

“चाय आहे का, बाई?”

“औषध आहे. शेवंताबाईंसाठी.”

“तिले काय झालं? चांगली धान कापून राहिली. तिनं तं फादरचा पाव खाल्ला.”

“कसला पाव?”

“तुमाले कुत्र्याचा फादर नाई माईत? नागपूरच्या आहे ना तुम्ही?” एवढे बोलून त्यांनी बैलांना हाक दिली, जणू माझ्या शिक्षणाचा निकाल लागला होता.

गाव लहान. एक बोडी (छोटा तलाव), चाळीसेक घरे, टोकाला पांढऱ्या चुन्याचे मिशनचे घर. त्याच्या अंगणात मी अकरा कुत्री मोजली. मधोमध सदऱ्याच्या बाह्या दुमडून एक उंच, वाकलेला, गोरा म्हातारा बसला होता. हे फादर लांबेर. बेल्जियममधल्या आर्देन नावाच्या अरण्यप्रदेशातून ते आले, त्याला चाळीस वर्षे होऊन गेली होती. मी इंग्रजीत बोलायला सुरुवात केली. त्यांनी हात वर करून थांबवले.

“मराठीत बोल, पोरी. इंग्रजी मले चांगली नाई येत.”

शेवंताबाई शेतावरून चार वाजता येणार होती. तोवर त्यांनी मला भात, वांग्याची भाजी आणि मिरचीचा ठेचा वाढला, आणि मी प्रश्नावलीच्या मागच्या कोऱ्या बाजूवर त्यांचे बोलणे टिपून घेतले.

त्यांच्या मुलखात शिकाऱ्यांचा एक संत आहे. मध्ययुगापासून पिसाळलेले कुत्रे चावलेली माणसे पायी चालत त्याच्या देवळात येत. तिथे कपाळावर लहानशी चीर पाडून संताच्या पवित्र वस्त्राचा धागा त्यात ठेवीत. मग नऊ दिवसांचे व्रत. एकट्याने धुतलेल्या अंथरुणात निजायचे, स्वतःच्याच भांड्यातून प्यायचे, झऱ्यावर ओणवे होऊन पाणी प्यायचे नाही, पुढे कितीतरी दिवस केस विंचरायचे नाहीत. जनावरांसाठी लोखंडाची एक किल्ली असे. ती तापवून कुत्र्यांना डागत. आणि तीन नोव्हेंबरला, संताच्या सणाला, पाव मंतरून माणसांना आणि कुत्र्यांना सारखाच वाटत.

“ल्हानपणी आमच्या घरी पयला तुकडा कुत्र्याले, मंग मले,” फादर म्हणाले. “इथं आलो तं घरची आठवण म्हणून पाव भाजला. गावच्या लोकाईले आवडलं. कोणतं बी घर असो, कुत्रं घेऊन येतेत.”

फ्रान्समधली आणखी एक गोष्ट त्यांनी सांगितली. एका सरदाराच्या शिकारी कुत्र्याने पाळण्याजवळ आलेला साप मारला. रक्ताने माखलेले तोंड पाहून सरदाराला वाटले, त्याने बाळच खाल्ले. त्याने कुत्र्याला ठार केले.

“हे आमच्याकडे मुंगसाचे आहे,” मी म्हणाले.

“असंन. पण तुमच्या मुंगसाले कोणी संत केलं का? तिथल्या बायाईनं त्या कुत्र्याले संत केलं. दुखणाईत लेकरं घेऊन त्याच्या गाडलेल्या जागी जात. धर्मखात्याचा एक साहेब आला, त्यानं कुत्र्याची हाडं उकरून जाळली, झाडं तोडली. बाया येतच राहिल्या. कित्येक शतकं.”

“अज्ञान,” मी म्हणाले.

“हो. पण लेकरू घेऊन त्याईनं दुसरीकडं कुठं जायचं होतं, पोरी?”

याचे उत्तर प्रश्नावलीत बसणारे नव्हते. मी मुद्द्यावर आले. शेवंताबाईला पाव कोणी दिला?

“मीच. पण सुईच्या बदल्यात नाई,” ते घाईने म्हणाले. “कुत्रं चावल्याबरोबर मीच तिले नागपूरले धाडलं. भेत होती. म्हणून पाव वाळवून तुकडे बांधून देल्ले. म्हटलं, रोज सकाळी एक तुकडा खायचा आन् सुईले जायचं. तुकड्याच्या जोरावर गेली ती.”

“किती तुकडे?”

“नऊ. संताचे दिवस नऊ.”

मी पेन्सिल खाली ठेवली. नवव्या सुईचे कोडे सुटले होते, आणि ते सोडवायला प्रश्नावलीची गरज पडली नव्हती.

चार वाजून दहा मिनिटांनी शेवंताबाई अंगणात आली. काखेत विळा, डोक्याला फडके, पाय चिखलाने भरलेले. मला पाहून ती मोठ्याने हसली.

“अगंबाई! माह्या पोटाले टोचाले इतक्या लांब आल्या?”

हसताना ती डावा हात लुगड्यावर घासत होती. काय होते आहे, असे मी विचारले.

“बोटाईत मुंग्या येऊन राहिल्या, चार दिवस झाले. जखम भरून राहिली असंन.”

जखम केव्हाच भरलेली होती. फादरनी तिला पाण्याचा पेला दिला. तिने तो ओठांपाशी नेला, गळ्याचे स्नायू ताठ झाले, आणि पेला हातातून सुटून फरशीवर आपटला.

“सकाळपासून असंच होऊन राहिलं,” ती ओशाळून म्हणाली. “चहा बी नाई गेला.”

हे वर्णन मी पुस्तकांत इतक्या वेळा वाचले होते, की क्षणभर मला पानाचा क्रमांकही आठवला. फादरना पुस्तकाची गरज नव्हती. त्यांनी पाण्याचा तांब्या उचलून नजरेआड ठेवला.

तिने आम्हा दोघांकडे पाहिले.

“बाई, मी आली नाई म्हणून रागावल्या का? फादरचे तुकडे नऊ, सुया बी नऊ झाल्या. मी समजली, झालं.”

“मी पुरे म्हटले होते का?” माझ्या तोंडून निघून गेले. केंद्राच्या खिडकीवर बसून रोज वापरायचा तोच आवाज.

“नाई म्हटलं. पण किती ते बी तं नाई म्हटलं.”

मग ती म्हणाली, “किती होत्या?”

“चौदा.”

तिने बोटांवर हिशेब केला. “पाच राहिल्या. आणल्या का?”

“आणल्या आहेत.”

“मंग द्या.”

“आता त्यांचा उपयोग नाही, शेवंताबाई.”

बाहेर कुत्री एकमेकांवर गुरगुरत होती. ती पाट घेऊन बसली, विळा बाजूला ठेवला.

“मरून राहिली का मी?”

फादरनी माझ्याकडे पाहिले. मी ‘हो’ म्हटले.

“किती दिवस? आता तरी सांगा.”

मी घड्याळ पाहिले. पाच वाजले होते. मला ठाऊक होते, ते मी सांगितले. “चार.”

“मालक बल्लारशाले खाणीत आहे. फादर, चार दिवसात येते का?”

“आज तार केली तं मंगळवारी सांजच्यापर्यंत पोचते,” फादर म्हणाले.

“मंग पुरते,” ती म्हणाली. थर्मासकडे बोट करून पुढे म्हणाली, “ते वापस न्या. दुसऱ्या कोणाले लागन.”

फादर तेव्हाच सायकलवरून उमरेडला तार करायला गेले. नागपूरच्या रुग्णालयातही तिच्यासाठी करण्यासारखे काही नव्हते, आणि तिला घर सोडायचे नव्हते. मी राहिले.

रविवारी ती पूर्ण शुद्धीवर होती. बकरी कोणी सांभाळायची, कापलेल्या धानाचे भारे कोणाच्या बांधीत आहेत, मालक आल्यावर त्याला काय सांगायचे आहे, सगळे तिने भिंतीला टेकून ठरवले. दारातून वारा आला की गळा आवळायचा, म्हणून दाराला गोधडी लावली होती. वस्तीतली माणसे येऊन त्रिशरण म्हणून गेली. मी तिला विचारले, तुम्ही तर छप्पन साली देव सोडले, मग फादरचा पाव कसा चालला?

“देव सोडले, बाई. पाव काय देव आहे का?” ती म्हणाली, आणि तेवढ्यातही तिला माझी गंमत वाटली.

तिची सासू मात्र फादरकडे हटून बसली होती. “आणखी नऊ द्या. तुमच्या संताले सांगा.”

“नाई, आजी,” फादर म्हणाले. “ते चालत नाई.”

“चाळीस वर्सं चाललं, आता काहून चालत नाई?”

“द्या तिले, फादर,” आतून शेवंताबाई म्हणाली. “तिच्या हाताले काम पायजे. आन् आत्या, रडू नको वं.”

फादरनी पाव दिला. सासूने त्याचे तुकडे केले, एकेक सुनेच्या ओठांना लावला. एकही गेला नाही. मग तिने ते पदरात घेतले आणि अंगणात जाऊन कुत्र्यांना घातले. फादर दारातून ते पाहत उभे होते.

सोमवारचे मी लिहीत नाही. माझ्या वहीत ते आहे. इथे त्याची गरज नाही. एवढेच, की दुपारी थोडा वेळ ती शांत होती, तेव्हा तिने विचारले, “आज कोणता वार?” मी सांगितले. “मंग उद्या येते,” ती म्हणाली.

मंगळवारी सकाळी आठ वाजता ती गेली. फादर तिच्या उशाशी होते, मी पायाशी.

तिचा नवरा, नामदेव, संध्याकाळी साडेपाचला पोचला. नखांत कोळसा होता. तार मिळाली तसाच तो निघाला होता. रडणे ओसरल्यावर तो माझ्यासमोर येऊन बसला. घडी केलेली तार त्याने उलगडली.

“यात बुधवारपर्यंत लिवलं आहे, बाई. तुमीच सांगितलं होतं ना?”

त्याच्या आवाजात राग नव्हता. तो खरोखर विचारत होता, कुठे काही वाचायचे चुकले का. मी म्हणाले, “मीच सांगितले होते. माझे चुकले.”

“तिनं वाट पायली का?”

“पाहिली.”

बुधवारी मी निघाले. फादर बंडीतून थांब्यापर्यंत आले. गाडीचा धूर दिसला तेव्हा ते म्हणाले, “पुढच्या वर्षापासून पाव बंद.”

शनिवारी हेच मी स्वतः त्यांना सांगितले असते. पण नऊ सुयांपर्यंत तिला त्या पावाने आणले होते, आणि पुढच्या पाचांपासून तिला अडवले होते माझ्या मौनाने. दोन्ही आकडे आम्ही तिच्या भल्यासाठीच धरले होते. एक त्यांनी दिला, एक मी लपवला.

“बंद नका करू,” मी म्हणाले. “चौदा तुकडे करा.”

“नऊ संताचे आहेत, पोरी.”

“चौदा माझे आहेत.”

गाडी हलली तेव्हा हात वर करून ते तसेच उभे होते.

नागपुरात परत आल्यावर मी केंद्राच्या खिडकीत चौदाचा आकडा मोठ्या देवनागरीत लावला. पहिल्याच आठवड्यात दोन माणसे तो वाचून निघून गेली. त्यांतल्या एकाच्या मागे मी रस्त्यापर्यंत धावले. तो परत आला. दुसरा सापडला नाही. कोणती पद्धत अधिक जीव वाचवते, हे मला आज सांगता येत नाही, आणि माझा निबंध त्याच ठिकाणी थांबला आहे. एवढे मात्र मला कळते, की तिने विचारले तेव्हा माझ्याजवळ आकडा होता, तो मी दिला, तिने त्यावर विश्वासून माणूस बोलावला, आणि तो आकडाही खोटा निघाला.

वहीत त्या गावाचे शेवटचे पान मंगळवारचे आहे. चार दिवस म्हणजे शहाण्णव तास. शनिवारी सायंकाळी पाच ते मंगळवारी सकाळी आठ, प्रत्यक्ष तास: ६३.