शिट्टी वाजली की हात वर

इंदुरात मला नट म्हणून ओळखणारे अजून भेटतात. बास्केटबॉल खेळणारा म्हणून ओळखणारे दोघंच उरलेत, आणि त्यातला एक माझं नाव विसरलाय. तक्रार नाही. पण माझं पोट आधी भरलं ते चेंडूनं, म्हणून सुरुवात तिथूनच करतो.

मध्य भारत राज्य नुकतंच झालं होतं. तेव्हा खेळून पगार घ्यायचा तर रस्ता एकच, कापडाची मिल. मिलच्या संघाला उंच पोरं हवी होती, म्हणून मला टाइम ऑफिसात चिकटवलं. समोर हजेरीचं रजिस्टर असे. चार वाजले की मोठे बाबू घड्याळाकडे न बघताच आपल्या इंदुरी हिंदीत म्हणत, "जाओ भिया, तुम्हारी असली ड्यूटी का टेम हो गया." मी कॅनव्हासचे बूट बगलेत मारून मैदानावर. सिमेंटची जमीन, दोन लाकडी खांब आणि भोवती पाळी सुटलेल्या मजुरांची गर्दी. गुडघे सोलून निघायचे आणि मी सुखात असायचो. इतकं सरळ सुख पुढं मला कशातच मिळालं नाही, हे कबूल करून टाकतो.

या सुखात खडा एकच होता. अण्णांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, मला खेळताना कधी पाहिलं नव्हतं. ते जुन्या संस्थानी दफ्तरातले कारकून. विलीनीकरणानंतर राजधानी वाटून दिली गेली, उन्हाळ्यात इंदूर आणि हिवाळ्यात ग्वाल्हेर. दिवाळी झाली की अण्णा वळकटी आणि फायलींच्या पेट्या घेऊन ग्वाल्हेरला निघत. आमचे सामने नेमके थंडीत. ते इंदुरात, छत्रीबागेतल्या घरी परतत तेव्हा मैदान रिकामं झालेलं असे. मिळालेले कप मी फळीवर त्यांना दिसतील असे मांडून ठेवायचो. ते त्यांवरून नजर फिरवून विचारायचे, "आणि ऑफिसातलं काम?" एकदा रजा काढून या, असं मी दोनदा पत्रातून लिहिलं. उत्तरात आईच्या औषधाची चौकशी असायची, सामन्याचं अक्षर नाही. मला राग यायचा. अजूनही येतो, थोडा.

मग एका सामन्यात उडी मारून उतरताना गुडघा फिरला. डॉक्टर म्हणाले, चाला, पण पळायचं विसरा. मिलनं नोकरी ठेवली, एवढं खरं. पण चार वाजले तरी आता मी रजिस्टरापाशीच. मैदानावरून शिट्टी ऐकू आली की ओढत असलेली रेघ वाकडी जायची.

अशा वेळी आमच्या गणपतीतल्या नाटकाच्या मास्तरांनी मला ओढलं. ते शाळेत इतिहास शिकवत, दर वर्षी नाटक बसवत आणि त्यातला बाप स्वतःच करत. "तू उंच आहेस, शेवटच्या रांगेलाही दिसशील," एवढीच माझी पात्रता. मला थोरल्या मुलाचं काम दिलं. बहिणीच्या सासरहून आलेलं पत्र या मुलानं फाडून टाकलेलं असतं. दुसऱ्या अंकात बाप सगळ्यांना विचारतो, मुलगा गप्प राहतो, आणि कबुली देतो ती थेट तिसऱ्या अंकात. सगळं नाटक त्या गप्प राहण्यावर उभं. माझा जीव मात्र वेगळ्याच गोष्टीत अडकला होता. गणपती भाद्रपदात, म्हणजे अण्णा इंदुरातच. या वेळी ग्वाल्हेरची सबब नव्हती. मी विचारलं तर म्हणाले, "बघू."

आले. तिसऱ्या रांगेत, काळी टोपी, मांडीवर छत्री आडवी. पडद्याच्या फटीतून त्यांना पाहिलं आणि माझे तळवे घामेजले. फायनललासुद्धा कधी घामेजले नव्हते.

दुसऱ्या अंकात मास्तरांनी गरजून विचारलं, "कोणी फाडलं ते पत्र?" त्या आवाजावर खूष होऊन, मागं बसलेल्या माझ्या मिलच्या दोस्तांपैकी एकानं तोंडात दोन बोटं घालून सणसणीत शिट्टी मारली.

आमच्या खेळात रीत होती. पंचाची शिट्टी वाजली आणि फाउल तुमचा असला, की जागच्या जागी थांबायचं आणि स्वतःहून हात वर करायचा. वाद घालायचा नाही, तोंड वाकडं करायचं नाही. माझ्या अंगात ते मुरलेलं. शिट्टी वाजली, मी थांबलो, आणि माझा उजवा हात सरळ डोक्याच्या वर गेला.

तिसरा अंक मी दुसऱ्यातच संपवून टाकला होता. मागून आवाज आला, "फाउल हो गया, भिया," आणि मांडवभर हशा. मास्तर संथपणे जवळ आले, माझा हात धरून खाली केला आणि भरल्या गळ्यानं म्हणाले, "नको. दुसऱ्याचं पाप अंगावर घ्यायची तुझी सवय मला ठाऊक आहे." असलं वाक्य पुस्तकात नव्हतंच. हशा विरला. तिसऱ्या अंकात मी खरोखर कबुली दिली तेव्हा बायकांनी डोळ्यांना पदर लावले. नंतर विंगेत मास्तरांनी मला मनसोक्त शिव्या घातल्या आणि पुढच्या वर्षीचं कामही तिथंच देऊन टाकलं. मी जन्मभर नाटकं केली ती त्या शिव्यांच्या जोरावर.

दुसऱ्या दिवशी सकाळी चहा घेताना अण्णांनी विचारलं, "तो हात पुस्तकात होता?"

"नाही, अण्णा." मी त्यांना खेळातली रीत सांगितली.

"पंचानं बोट दाखवायच्या आधीच करायचा?"

"हो. ज्याचं त्याला माहीत असतं."

त्यांनी कपबशी खाली ठेवली. "चल, दाखव तुमचं मैदान."

रविवार होता, मिलच्या मैदानावर कोणी नव्हतं. चौकीदारानं ओळखलं. "बहोत दिन बाद आए भिया," म्हणत चेंडू काढून दिला. पळायचा प्रश्नच नव्हता. मी फ्री थ्रोच्या, म्हणजे जागेवरूनच चेंडू टाकायच्या, रेघेवर उभा राहिलो. पहिला चेंडू रिंगला लागून बाहेर गेला. दुसरा आत, तिसरा आत. अण्णा कडेला छत्री टेकून बघत होते. मी वळून पाहिलं. शाबासकी हवी होती, खोटं कशाला बोलू?

अण्णांनी छत्री डाव्या हातात घेतली आणि उजवा हात वर केला, कारकुनी बेतानं, कानापर्यंतच.

शिट्टी कोणीच वाजवली नव्हती.