बारशातला धपाटा

आमच्याकडे बारशाला आत्या पाळण्यावर वाकून बाळाच्या कानात नाव सांगते आणि मागे उभ्या असलेल्या बायका तिच्या पाठीत धपाटे घालतात. का घालतात ते कुणालाच नीट माहीत नाही, पण हात साफ करून घ्यायला सगळ्या टपलेल्या असतात. माझ्या मुलीच्या बारशाला माझ्या थोरल्या ताईने असे भरपूर धपाटे खाल्ले आणि हसत हसत सरळ झाली. मी पाळण्याशेजारी पाठमोरा उभा होतो.

"बापाला काय फुकट सोडायचं? घे, तू पण घे!" म्हणत तिने एक माझ्या पाठीत ठेवून दिला.

पुढचं आठवत नाही, असं लिहिता आलं असतं तर बरं झालं असतं. मला सगळं आठवतं. तिचं मनगट माझ्या मुठीत आलं, मी ते पिरगाळलं, तिला जमिनीवर पालथं पाडलं आणि तिच्या पाठीत गुडघा रोवला. या गडबडीत माझं कोपर लागून पाळणा भिंतीवर आपटला. मुलीने टाहो फोडला. सासूबाई घुगऱ्यांचं पातेलं हातात घेऊन दारातच उभ्या राहिल्या.

फौजेतून निवृत्त होऊन मला वर्षही झालं नव्हतं. उत्तरेत एका चकमकीत माझा जोडीदार मागून माझ्या पाठीवर कोसळला होता, आणि तो परत उठला नाही. तेव्हापासून पाठीला काही लागलं की माझं अंग माझं ऐकत नाही. हे मी घरी कुणाला सांगितलं नव्हतं. लोकांना मी बर्फाच्या, खेचरांच्या आणि लंगरमधल्या, म्हणजे फौजेच्या भटारखान्यातल्या, पुऱ्यांच्या गोष्टी सांगायचो. लोकांनाही त्याच आवडायच्या.

सासुरवाडी अंबरनाथ पश्चिमेला. तिथून ताईला रिक्षात घालून उल्हासनगरला, तिच्या घराजवळच्या दवाखान्यात नेलं. मनगटाचं हाड मोडलं होतं. डॉक्टरांनी विचारलं, "कशा काय पडलात?" मी तोंड उघडायच्या आत ताई म्हणाली, "बाथरूममध्ये घसरले." डॉक्टरांनी माझ्याकडे पाहिलं. मी मान हलवली. भर बारशात बहिणीचा हात मोडणारा मी, आणि खोटं बोलायची वेळही तिच्यावरच आणली.

सव्वा महिन्याने बायको बाळाला घेऊन खरवईच्या आमच्या नव्या फ्लॅटवर आली. मी मुलीला हात लावला नाही. दुपटी धुतली, डायपरचे गठ्ठे आणले, पण तिला उचललं नाही. रात्री हॉलमध्ये झोपायचो आणि बेडरूमला आतून कडी लावायला सांगायचो. निवृत्तीनंतर मी एका कंपनीच्या गेटवर सिक्युरिटीत लागलो होतो; बायको विचारायची तेव्हा तिथल्या अवेळी ड्युटीचं कारण पुढे करायचो. एवढ्याशा जिवाचा पाय झोपेत पाठीला लागला तर मी काय करेन, हा विचार आला की मी उठून कडी लागली आहे ना ते बघायचो.

एकदा जिन्यात शेजारच्या काकू बायकोला म्हणाल्या, "फौजींना पोरगा पायजे होता वाटतं. पोरीला घेऊन कधी खाली नाय आले ते." मी वरच्या वळणावर उभा राहून ऐकत होतो. मला राग यायला हवा होता, पण सुटल्यासारखं वाटलं. मुलगी नको असलेला बाप लोकांना कळतो. असे बाप त्यांनी पाहिलेले असतात. स्वतःच्या हातांना घाबरणारा फौजी कुणी पाहिला होता? मी काकूंना खोटं पाडलं नाही. बायको काही विचारील म्हणून वाट पाहिली. तिने विचारलं नाही, म्हणून मीही गप्प बसलो.

मग एका रविवारी दुपारी मुलगी खोलीत रडत होती. बायको कणीक मळत होती आणि गॅसवर कुकर चढवलेला होता. मी पाळण्यापाशी हात पाठीमागे बांधून उभा. बायको कणकेच्या हातांनीच बाहेर आली आणि माझ्याकडे न बघता म्हणाली, "पुढच्या खेपेला मुलगा होईल हो. पण हिला एकदा तरी घ्या ना. हिची काय चूक आहे?"

ती माझी माफी मागत होती. एवढी लाज मला ताईच्या प्लास्टरकडे बघतानाही वाटली नव्हती.

"मुलाचं काही नाही गं," मी म्हणालो. "मला माझ्या हातांची भीती वाटते. ताईचं झालं तसं हिचं झालं तर?"

बारशाच्या त्या प्रकाराला ती आजवर 'तुम्ही दचकलात' एवढंच म्हणत आली होती. आता मी तिला जोडीदाराचं सांगितलं. पाठीवरच्या त्या वजनाचंही सांगितलं. तिने सगळं ऐकून घेतलं.

"आणि मला वाटत होतं मुलगी झाली म्हणून," ती म्हणाली. "मला तसं वाटतंय, हे तुम्हाला कळत होतं?"

"हो."

तिने माझ्याकडे असं पाहिलं की मी मान खाली घातली. ती आत गेली. नळाचा आवाज बराच वेळ येत राहिला. परत आली तेव्हा हात धुतलेले होते आणि डोळे लाल झाले होते.

"भिंतीला टेकून बसा."

"नको. मला नाही जमणार."

"मी धरते."

"बाळाला?"

"तुमचे हात."

मी बसलो. तिने मुलीला माझ्या मांडीवर ठेवलं आणि समोर बसून माझी दोन्ही मनगटं घट्ट धरली. मुलीचं वजन किती कमी होतं, हे मला इतक्या महिन्यांनी पहिल्यांदा कळलं. रडून दमली होती, हळूहळू गप्प झाली. तेवढ्यात कुकरची शिट्टी झाली आणि माझे हात उसळले. बायको पुढे ओढली गेली, पण तिने मनगटं सोडली नाहीत. दुसरी शिट्टी झाली, तिसरी झाली. डाळ लागल्याचा वास यायला लागला तरी गॅस बंद करायला कुणी उठलं नाही.