भिंतीपलीकडचे बारा गुण

अण्णा गेल्याचं मला भिंतीने सांगितलं. रविवार होता. नेहमीसारखी पहाटे देवघरात बसून मी काकड आरती म्हणत होते. कुंभकोणम् च्या मेलकावेरी भागात आमची दोन घरं, मधे भिंत एकच. पलीकडे माझा थोरला भाऊ, अलीकडे मी. रविवारी माझा आवाज चढला की पलीकडून भिंतीवर टकटक व्हायची. त्या दिवशी झाली नाही. मी आवाज आणखी चढवला... तरी नाही. मग मात्र टाळ खाली ठेवले आणि त्याच्या दारी गेले. अण्णा खुर्चीत बसलेला होता. समोर टेपरेकॉर्डर, त्यातली कॅसेट संपून थांबलेली. हात लावला तेव्हा कळलं.

आता सव्वा महिना होत आला. लोक भेटायला येतात आणि म्हणतात, केवढा रसिक माणूस! होता, रसिक होता. पण कुणाच्या गाण्याचा, ते मला विचारा.

कुंभकोणम् बाजारात पितळी भांड्यांचं दुकान चालवणारा हा माणूस तरुणपणापासून युरोपातल्या एका आंतरराष्ट्रीय गीतस्पर्धेच्या नादी लागला होता. देशोदेशीचे गायक येतात, एकेक गाणं म्हणतात आणि मग प्रत्येक देश बाकीच्यांना गुण देतो. सर्वांत जास्त गुण बारा. शनिवारी रात्री तिकडे स्पर्धा झाली की रविवारी पहाटे आपल्याकडे एका परदेशी स्टेशनवर ती गाणी पुन्हा लागायची, खरखरत, मधेच बुडत. अण्णा रेडिओसमोर टेपरेकॉर्डर ठेवून ती उतरवून घ्यायचा. रेडिओपासून रेकॉर्डरपर्यंत वायर जोडता येते हे त्याला कुणी सांगितलं नाही, आणि सांगितल्यावर त्याला पटलं नाही. त्यामुळे गाण्याबरोबर आमच्या गल्लीतला कावळा, दूधवाल्याची सायकल, सगळंच कॅसेटमध्ये जायचं.

आणि मी. कारण माझ्या आरतीची वेळ तीच.

"रुक्मा, हळूं म्हण गे! अस्कं टेपांत येतं," तो भिंतीपलीकडून ओरडायचा. अस्कं म्हणजे सगळं. आमची तंजावरची मराठी तुम्हाला जुनाट वाटेल, पण घरात आम्ही तीच बोलतो.

"कसाला ओरडतोस? विठ्ठलाला हळूं ऐकूं येत नाहीं," मी म्हणायची, आणि मुद्दाम वरच्या पट्टीत जायची. हो, मुद्दाम. मला त्या बायकांचा हेवा वाटायचा. नावं उच्चारता येत नाहीत अशा देशांतल्या बायका, तीन मिनिटं गाऊन जाणाऱ्या, आणि माझा भाऊ डोळे मिटून त्यांना ऐकत बसायचा. मी पापनाशम् पासून तंजावरपर्यंत भजनाला जात असे. लोक मोटार पाठवून मला बोलवायचे. पण अण्णाने माझा एक अभंगही कधी समोर बसून ऐकला नाही.

स्पर्धेच्या रविवारी तो जेवणानंतर आम्हा सगळ्यांना बसवायचा, गाणी ऐकवायचा आणि गुण द्यायला लावायचा. सांबाराचे हात तसेच वाळायचे. एकदा मी चिडून म्हटलं, "मला किती देतोस ते सांग कीं."

"तुला देतां येत नाहीं," तो शांतपणे म्हणाला. "आपल्या देशाला आपण मार्क देणं नाहीं. नियम अहे. घरालाही तोच."

"मग तुझ्या नियमाला घाल चुलींत!"

तो हसला. मला आजही ते हसू आठवलं की राग येतो.

पुढे इंटरनेट आलं आणि तिकडच्या हौशी लोकांनी त्या स्पर्धेचा इतिहास जमवायला घेतला. पहिल्या काळातलं बरंच ध्वनिमुद्रण कुणी जपलंच नव्हतं. फिती पुसून त्यांवर दुसरं काही भरलं होतं. कुंभकोणम् मध्ये एका माणसाकडे कॅसेटी आहेत हे कळल्यावर त्या मंडळींना काय आनंद झाला! त्यांची संग्रह सांभाळणारी बाई, मार्गिट, दर आठवड्याला फोनवर दिसायला लागली. अण्णा तिच्यासाठी इस्त्रीचा सदरा घालायचा. दर रविवारी पहाटे एकेक कॅसेट लावायची, समोर मोबाइल धरायचा आणि पाठवायची. वायर तेव्हाही नाही. म्हणजे कॅसेटमध्ये तरुणपणीची मी आणि भिंतीपलीकडून म्हातारी मी, दोघी त्या गाण्यांच्या मागे. मार्गिटचाही मला हेवा वाटायचा, ते सांगायला नकोच. तिच्याशी तासभर बोलायचा. माझ्याशी बोलायला भिंत.

तो गेल्यावर पंधरा दिवसांनी त्याच्या मोबाइलवर तिचा व्हिडिओ फोन आला. मी शाळेत शिकलेलं इंग्रजी गोळा करून सांगितलं, मी त्याची बहीण, अण्णा गेला. ती रडली. मी रडले नाही. मला तिचं रडणं बघवेना. मग म्हणाली, उरलेल्या कॅसेटी आम्हाला द्याल का? आणि एक विनंती आहे, तुमच्या शेजारणीची परवानगी काढून द्याल का?

"कोण शेजारीण?"

ती म्हणाली, कॅसेटींत मागे गाते ती. आमचे सभासद दर वर्षअखेरीला संग्रहात नव्याने आलेल्या आवाजांना गुण देतात. नियम स्पर्धेचाच, घरच्या माणसाला देता येत नाहीत. तुमचे भाऊ दरवर्षी शेजारच्या बाईला बारा द्यायचे. आम्ही विचारायचो, कोण आहे ती? ते म्हणायचे, भिंतीपलीकडे राहते, आमची काही ओळख नाही.

मला आधी संताप आला. सख्ख्या बहिणीची ओळख नाही म्हणतोस? मग त्याचा तो शांत चेहरा आठवला... नियम अहे. नियम मोडायचा नव्हता त्याला, म्हणून मलाच परकी करून टाकलं.

"हॅलो?" मार्गिट विचारत होती. "विचाराल ना त्या बाईंना?"

खरं सांगितलं असतं तर ते सगळे बारा रद्द झाले असते. मी म्हटलं, "विचारते. ती नाही म्हणायची नाही."

कॅसेटी मी खोक्यात भरून ठेवल्या आहेत, पुढच्या आठवड्यात जातील. मार्गिटला मराठी येत नाही, म्हणून हे इथे लिहायला हरकत नाही. टेपरेकॉर्डर मात्र देणार नाही. तो त्याच खुर्चीसमोर आहे. रविवारी मी आरतीला बसते, आवाज चढवते, आणि एका कडव्यानंतर आपोआप थांबते. भिंत गप्प असते. इतकी वर्षं तिकडच्या बायकांचा हेवा केला, तो आता संपला म्हणायचा. आता एकीचाच वाटतो, त्या शेजारणीचा. तिला त्याने ऐकलं.